गुऱ्हाळावरचा निवाडा

माझी नात सांगलीच्या कोर्टात वकिली करते. जेवताना खटल्यांच्या गोष्टी सांगते, आणि मी मध्येच काही बोलले की म्हणते, "आजी, तुला कायद्यातलं काय कळतंय?" मला कळतं. मी एका न्यायालयात वर्षभर बसत होते, तिथले निवाडे माझ्या हातचे आहेत आणि एका दुपारी मी तिथं खोटी साक्षही दिली. हे तिला सांगितलं तर ती लगेच कुठलं कलम लागतं ते सांगेल, म्हणून अजून सांगितलेलं नाही. आज लिहायला बसले तर तीनदा उठून पाणी पिऊन आले. चौथ्यांदा तहान लागायच्या आत लिहून टाकते.

आमचं गाव तेव्हा सातारा जिल्ह्यात, कडेगावच्या अंगाला. ओढ्याच्या अलीकडे खालसा, म्हणजे इंग्रजाचा मुलूख, आणि पलीकडे एका संस्थानाची हद्द. इकडे कुणाचं डोकं फोडून माणूस ओढ्यात उतरला की आपला पोलीस काठावर उभा राहून नुसत्या शिव्या द्यायचा. एकाच ओढ्यावर धुणं धुणाऱ्या बायका आम्ही, पण आम्हाला कायदे दोन होते. दोन्हींचा उपयोग शून्य होता. माझ्या वडिलांचा बांधाचा दावा साताऱ्याच्या कोर्टात होता, मी जन्मायच्या आधी लागलेला. तारीख आली की आई भाकरी बांधून द्यायची. वडील साताऱ्याला जायचे, कोर्टाच्या आवारात झाडाखाली भाकरी खायचे आणि पुढची तारीख घेऊन परत यायचे. शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात, आमच्या वडिलांनी ती झिजवली होती.

बेचाळीसनंतर आमच्याकडे तिसरा कायदा आला. भूमिगत झालेल्या मंडळींनी गावोगावी आपली न्यायालयं बसवली. गावानं पाच पंच निवडायचे आणि गावाचे तंटे गावातच मिटवायचे. आमचं न्यायालय गुऱ्हाळावर भरायचं. चरक फिरत असतो, कढईखाली जाळ असतो, रस प्यायला माणसं येतच असतात, त्यामुळे शे-पन्नास डोकी जमली तरी पोलिसांना संशय येत नसे. तरी एक माणूस आंब्यावर चढून रस्त्याकडे बघत बसायचा.

पंचांचे म्होरके होते आमचे सुभेदार. पहिल्या लढाईत जाऊन आलेले. इंग्रजाचं पेन्शन खायचे आणि इंग्रजाविरुद्धचं न्यायालय चालवायचे. कुणी डिवचलं तर म्हणायचे, "पेन्शन माझ्या गुडघ्यातल्या गोळीचं हाय. डोस्कं माझं मोकळं हाय." माझ्या वडिलांचा दावा त्यांनी एका दुपारात निकालात काढला. पाची पंच उठून शेतात गेले, दोन्हीकडच्या म्हाताऱ्यांना बांधावर उभं केलं, जुनी खूण खणून काढली आणि दगड रोवला. ज्याच्या विरुद्ध निकाल गेला त्यानेच रस पाजला. वडील घरी येऊन ओसरीवर बसले आणि लहान मुलासारखे रडले. मला तेव्हा वाटलं, राज्य असावं तर हे असावं.

निवाडे लिहिणारे मास्तर तुरुंगात गेले आणि गावात उरलेल्यांत लिहिता-वाचता येणारी मीच निघाले. मी सातवी पास होते, लग्न झालेलं, वय एकोणीस. आमचे हे पलटणीत, इटलीच्या आघाडीवर. म्हणून मी माहेरी राहत होते आणि पलटणीतून आलेली सगळ्या गावाची पत्रं वाचून दाखवायची. "बाईमाणूस पंचांत?" म्हणून कुरकुर झाली. सुभेदारांनी तोड काढली. मला म्हणाले, "पोरी, लिव्हणाऱ्यानं लिव्हायचं. बोलायचं न्हाई. हे पटत आसलं तर बस." मला पटलं नव्हतं, पण मी बसले. पंचांच्या घोंगडीच्या कोपऱ्यावर, पुढ्यात दौत-टाक घेऊन. गावच्या बायका म्हणायच्या, कानामागून आली आणि तिखट झाली. म्हणोत बापड्या. ती घोंगडी मला सासर-माहेरापेक्षा प्यारी झाली होती.

त्या न्यायालयाची एक रीत होती. साक्षीपुराव्यानं गुंता सुटला नाही, तर पितळेच्या वाटीत भंडारा आणून ठेवायचे. हळदीचा भंडारा, देवाचा. तो मुठीत घेऊन माणसानं सांगितलं की संपलं. कोर्टातल्या शपथेवर आमच्याकडे कुणाचा विश्वास नव्हता, कारण तिथं शपथ घेऊन काय काय सांगतात ते सगळ्यांनी ऐकलं होतं. भंडाऱ्यावर मात्र खोटं बोलायची छाती कुणाची नव्हती. आणि ज्यानं उचलला नाही, त्यानं गुन्हा कबूल केला असं धरायचे. मी स्वतः असे दोन निवाडे लिहिले होते आणि ते दोन्ही बरोबर निघाले होते.

चव्वेचाळीस-पंचेचाळीसच्या हिवाळ्यात एक धनगर आमच्या शेतात मेंढरं घेऊन उतरला होता. पूर्वेच्या दुष्काळी भागातली ही माणसं दिवाळीनंतर आमच्याकडे यायची, मेंढरं रानात बसवायची म्हणजे रानाला खत मिळायचं, आणि पावसाआधी परत जायची. हा दरवर्षी यायचा. तिशीतला, अबोल. बरोबर बायको, पोरं आणि म्हातारी आई. त्याचा थोरला भाऊ पलटणीत होता. एके दिवशी तो विहिरीवर मला गाठून उभा राहिला. हातात कार्ड. कार्डाचा कोपरा फाडलेला होता. मेलेल्याची खबर असली की कोपरा फाडायची पद्धत आहे. मला आधी वाटलं ते माझंच आहे, आणि माझ्या हातातला दोर सुटला.

कार्ड त्याचं होतं. भावाबरोबरच्या कुणा शिपायानं लिहिलं होतं की तुमचा भाऊ पडला. मी वाचलं. तो उभा होता तसाच उभा राहिला. मग म्हणाला, "आक्का, पुन्यांदा वाचा." मी पुन्हा वाचलं. म्हणाला, "खरं आसंल का?" मीच सांगितलं, "तालुक्याच्या कचेरीत जाऊन विचार. तिथं नावं येतात." आणि मग तो जे बोलला ते मी विसरलेली नाही. "म्हातारीला ह्यातलं बोलू नका. हितं परमुलखात तिला कोन धरंल? रडायला गोत लागतंय, आक्का. घरला गेल्यावर सांगतो, तितंच दिवस घालतो. तवर माझं सुतक मी एकला पाळतो." मी हो म्हटलं. दुसऱ्या दिवशी तो कचेरीत गेला आणि संध्याकाळी परत आला. मी लांबून पाहिलं. त्यानं माझ्याकडे बघून फक्त मान हलवली, खरं आहे म्हणून.

त्यानंतर चार दिवसांनी पोलिसांनी आमच्या शिवारातला ऊस वेढला आणि आत लपलेली दोन माणसं धरून नेली. त्यातला एक आमच्याच गावचा, अजून मिसरूड न फुटलेला. नेताना त्याला रस्ताभर मारलं. गाव पेटलं. खबर कुणी दिली? कुणीतरी सांगितलं, धनगराला कचेरीतून बाहेर पडताना पाहिलंय. धनगराचं कचेरीत काय काम? त्याची मेंढरं उसाच्या कडेलाच चरत होती. दोन आणि दोन चार झाले.

दुपारी त्याला गुऱ्हाळावर आणलं. मागून त्याची म्हातारी आणि बायको आल्या. म्हातारी पुढेच येऊन बसली, पंचांपासून दहा हातांवर.

सुभेदारांनी विचारलं, "कचेरीत गेला हुतास का?"

"गेलतो."

"कशापायी?"

त्यानं एकदा माझ्याकडे पाहिलं. सोडवा म्हणून पाहिलं असतं तर मी कदाचित तिथंच उठले असते. ती नजर दटावणारी होती, बोलू नका म्हणणारी. मी लिहिलं, 'उत्तर नाही.'

"खबर तू दिलीस?"

"न्हाई."

"मग कचेरीत काय काम हुतं, ते सांग की रं."

पुन्हा गप्प. माणसं चुळबुळ करायला लागली. मग सुभेदारांनी भंडाऱ्याची वाटी पुढे करायला लावली. ते त्याच्यावर मेहेरबानीच करत होते, हे मला आजही कबूल केलं पाहिजे. धनगर भंडाऱ्यावर खोटं बोलणार नाही, हे सगळ्या पंचांना ठाऊक होतं. त्यानं मूठ भरून 'मी नाही' म्हटलं असतं, तर त्याच क्षणी त्याला सोडून सगळे रस प्यायला उठले असते.

त्यानं वाटीकडे पाहिलं आणि हात पाठीमागे घेतले. "न्हाई उचलत."

भाऊ मेलेला, दिवस घातलेले नाहीत, सुतक अंगावर. सुतकात भंडाऱ्याला हात कसा लावणार? आणि सुतक आहे म्हणावं, तर कुणाचं ते दहा हातांवर बसलेल्या आईसमोर सांगावं लागणार. हे त्या सबंध गुऱ्हाळात दोघांना कळत होतं, त्याला आणि मला. त्याला गप्प राहायला कारण होतं. माझ्याजवळ काय होतं? मी स्वतःला सांगितलं, मी शब्द दिलाय. खरं कारण ते नव्हतं. बोलायचं नाही या अटीवर मला ती घोंगडी मिळाली होती, आणि बोलले तर ती जाईल एवढंच माझ्या डोक्यात होतं. मी लिहिलं, 'भंडारा उचलला नाही.' अक्षर चांगलं आलं. ते बघून मला माझी चीड आली, तरी मी ओळ पुरी केली.

पाची हात वर झाले. दहा काठ्या, तळपायावर. गावचा कुणी असता तर चार दिवस घरात बसला असता. मेंढक्याला रोज पाच-सहा कोस चालायचं असतं, आणि तो बसला तर त्याची मेंढरं उपाशी बसतात. हे कुणाच्या डोक्यात आलं नाही. शिक्षा शेतकऱ्यांनी शेतकऱ्यांच्या मापानं ठरवलेली होती.

त्याला पालथं घातलं. पहिली काठी, दुसरी, तिसरी. त्यानं आवाज केला नाही. चरक थांबला होता आणि कढईतला रस उतू जायला आला तरी गुळव्याचं तिकडं लक्ष नव्हतं. चौथ्या काठीला म्हातारी उभी राहिली. रडत नव्हती. सगळ्यांवरून बोट फिरवून म्हणाली, "मारा. माझा थोरला पलटणीत हाय. लढाई संपली की येतोय त्यो. मग एकेकाला इचारंल."

तेव्हा धनगरानं तोंड मातीत घातलं आणि त्याच्या घशातून आवाज आला. लोकांना वाटलं काठी लागली.

मी उठले. टाक कुठे पडला मला ठाऊक नाही. "थांबवा," म्हणाले. सुभेदारांनी माझ्याकडे पाहिलं. "त्याला कचेरीत मी पाठवलं होतं."

"तू? कशाला?"

मी धनगराकडे पाहिलं. त्यानं पडल्या पडल्या मान हलवली, नको म्हणून. म्हातारी माझ्या तोंडाकडे बघत होती. माझ्या जिभेवर खरं आलेलं होतं आणि ते मी गिळलं. म्हणाले, "आमच्या ह्यांचं दोन महिने कार्ड नाही. मेलेल्यांची नावं कचेरीत येतात. वडिलांना कळलं तर घोर लावून घेतील, म्हणून याला गुपचूप विचारायला पाठवलं. कुणाला सांगायचं नाही म्हणून देवाची शपथ घातली होती. भंडारा उचलला की कचेरीतलं कामही सांगावं लागणार, मग घातलेली शपथ मोडून तो कसा उचलेल?"

अर्धं खरं होतं. ह्यांचं कार्ड खरंच आलेलं नव्हतं.

सुभेदारांनी काठीवाल्याला हातानं थांबवलं. मग म्हणाले, "आदी का बोलली न्हाईस?"

"लिव्हणाऱ्यानं बोलायचं न्हाई, असं तुम्हीच म्हणाला होता."

ते त्यांना लागलं. पण माणूस पक्का होता. वाटी माझ्यापुढे सरकवली. "उचल."

मी भंडारा उचलला. मुठीत घेतला आणि तेच सगळं पुन्हा सांगितलं, ठासून, शब्द न चुकता. नवऱ्याचं नाव मेलेल्यांच्या यादीत स्वतःच्या तोंडानं नेऊन ठेवलं आणि वर देवाला साक्षीला बोलावलं. मूठ उघडली तेव्हा तळहात पिवळा झालेला होता. मनात म्हणत होते, त्यांना काही करू नकोस, काय करायचं ते मला कर. पंचांनी निकाल मागे घेतला. सुभेदार स्वतः उठले, लंगडत गेले आणि त्यांनी धनगराला बगलेत हात घालून बसवलं. "चुकलं आमचं," असं सगळ्यांसमोर म्हणाले. साताऱ्याच्या कोर्टात हे कुणी कधी म्हटलं असेल असं मला वाटत नाही, आणि म्हणून त्या न्यायालयाला कुणी नावं ठेवली की मला अजूनही राग येतो.

पण माझ्या जिवाला तेव्हापासून जी चुटपूट लागली ती गेली नाही. आमच्या गावात जो माणूस देवासमोर खोटं करायला तयार नव्हता त्याच्या पायावर काठ्या पडल्या, आणि जिनं बेलाशक खोटं केलं तिच्या शब्दावर निकाल झाला. हे कुणाजवळ बोलायची सोय नव्हती. आमच्या न्यायालयाच्या वर दुसरं न्यायालय नव्हतं. नात जेवताना 'अपील' म्हणते तेव्हा मला बरं वाटतं. चुकलं तर वर जायला एक पायरी आहे, ती किती का झिजलेली असेना.

ह्यांचं कार्ड पाच आठवड्यांनी आलं. ते पाच आठवडे मी कसे काढले ते लिहीत नाही. पुढे लढाई संपली, हे धडधाकट परत आले, आमचा संसार झाला. देवानं शिक्षा दिली नाही. मला कधीकधी वाटतं, त्यानेही नुसती पुढची तारीख दिली असेल. आणि उसातल्या माणसांची खबर कुणी दिली ते शेवटपर्यंत कळलं नाही. त्या दिवशी हात वर करणाऱ्यांतही तो असू शकेल.

त्या दिवसाचं एक राहिलं. उन्हं कलल्यावर मी त्यांच्या वाड्यावर गेले, म्हणजे मेंढरांभोवती लावलेल्या जाळीच्या वाघराशी. धनगर घोंगडीवर बसला होता. तळपायांना हळद आणि एरंडाची पानं बांधलेली. मी जवळ बसले तसा हळू आवाजात म्हणाला, "आक्का, तुमी ते करायचं न्हवतं. माझं पाय आठ-पंधरा दिसांत भरलं आसतं. द्येवाचं कसं भरायचं?" मला वाटत होतं तो हात जोडेल. त्याला माझी दया येत होती.

इतक्यात म्हातारी आली. तिनं माझ्या तोंडावरून हात फिरवला, कानशिलावर बोटं मोडली. मग पदरातून एक कोरं कार्ड काढलं. कुणाकडून तरी मागून आणलं होतं.

"थोरल्याला लिव," म्हणाली. "लिव की, तुझ्या भावावर आळ आलता. पर गावानं न्याव केला. एका लेकीनं भंडारा उचलला. खऱ्याला द्येव हाय म्हनावं. तू हिकडचा घोर करू नगंस. जपून ऱ्हा."

मी नाही म्हणू शकत नव्हते. ती सांगेल तसं लिहिलं, एक शब्द न गाळता. लिहून झाल्यावर पत्त्याची जागा तेवढी कोरी राहिली. मी वर पाहिलं.

"पत्ता ह्यो सांगंल," म्हातारी म्हणाली. "ह्येला तोंडपाठ हाय."

धनगर मेंढरांकडे बघत होता. मग त्यानं भावाचा नंबर सांगितला, कंपनी सांगितली, पलटण सांगितली. आवाज सरळ होता. मी मान खाली घालून लिहून घेतलं.